वाऱ्यात शून्य, गारांत साठ

आमच्या यांना तंबूच्या कंपनीत सगळे ‘खुंटी’ म्हणायचे. एक तर बुटके, आणि दुसरं म्हणजे एकदा जिथे रोवले गेले तिथून हलायचं नाव नाही. मीही त्याच कंपनीत होते, फाटक्या तंबूंना ठिगळं लावायला. म्हणजे लग्नाआधी मला सगळं माहीत होतं, आता कुरकुर करायला तोंड नाही. पस्तीस वर्षं संसार झाला, तरी यांना एखादी गोष्ट पटवायची तर मी आधी घोटभर पाणी पिऊन घेते.

तंबूच्या धंद्यात कायदा एकच. वारा उठला की झोपव. आधी झोपव, विचार नंतर. वाऱ्यात तंबू उभा ठेवला तर कापड फाटतं, खांब मोडतो, आणि खाली माणूस असेल तर तोही जातो. दुसरं म्हणजे दोरीवर आवाज एकाचाच. दहा जणांनी दहा दोऱ्या धरलेल्या असोत, ओरडणार एकच. बाकीच्यांनी तो सांगेल ते करायचं, वाद घालायचा तो नंतर. तो एक आवाज म्हणजे आमचे हे. तीस वर्षांत त्यांच्या हाताखालच्या एकाही माणसाला साधं खरचटण्यापलीकडे काही झालं नाही. मालक त्यांच्यावर डोळे झाकून विसंबायचा.

पुढे कंपनी बंद पडली आणि हे आठ महिने घरी बसले. ते आठ महिने मी विसरणार नाही. पलंगाच्या कडेला बसायचं, हातभर दोरी घ्यायची, गाठ मारायची, सोडायची, पुन्हा मारायची. वाढलं तर जेवायचे, नाही वाढलं तर विचारायचेही नाहीत. एकदा मी मुद्दाम जेवणात मीठ घातलं नाही. एरवी यांनी घर डोक्यावर घेतलं असतं. त्या दिवशी मुकाट्याने सगळं संपवलं आणि हात धुतले. मी मात्र घाबरले.

म्हणून प्रसूतिगृहातलं काम मिळालं तेव्हा मला स्वर्ग दोन बोटं उरला. नऊ खाटांचं छोटं प्रसूतिगृह. मागच्या बाजूला आम्हाला दोन खोल्या. मी चादरी आणि बाळांची झबली शिवायची. यांनी पाण्याची टाकी, दारं-खिडक्या आणि छत सांभाळायचं. छत म्हणजे सोलर. चोवीस पॅनेलं, सहा-सहाच्या चार ओळी. तिथे वीज दिवसातून दोनदा तरी जायची, आणि ती गेली की लशींचा फ्रिज आणि नाजूक बाळांना ऊब देणारा वॉर्मर याच पॅनेलांवर आणि बॅटऱ्यांवर चालायचा. डॉक्टरीणबाईंनी छताची किल्ली यांच्या हातात दिली आणि म्हणाल्या, “काका, खालचं मी बघते, वरचं तुम्ही बघा.” झालं! त्या दिवसापासून माणूस पुन्हा भांडायला लागला.

प्रत्येक ओळीच्या टोकाला एक हँडल होतं. ते फिरवलं की सहाही पॅनेलं एकदम वर-खाली व्हायची. बाजूच्या पत्र्यावर लाल रंगात तीन खुणा. शून्य म्हणजे आडवी, तीस म्हणजे नेहमीची, साठ म्हणजे जवळजवळ उभी. बसवायला आलेला कंपनीचा माणूस पहिल्याच दिवशी सांगून गेला, “काका, वाऱ्यात शून्य, गारांत साठ. उभ्या काचेवर गार घसरते, आडव्या काचेवर आदळते.” तसा कागदही त्याने बॅटरीच्या खोलीच्या दारावर चिकटवला. यांनी मान डोलावली. मी तिथेच होते, म्हणून सांगते, यांनी त्यातलं पहिलं अर्धं ऐकलं. ‘वाऱ्यात शून्य’ म्हटल्यावर हा गडी खूश! हा तर आपलाच कायदा. पुढचं काय, या कानाने आत आणि त्या कानाने बाहेर.

दोन वर्षं काही झालं नाही. तिसऱ्या वर्षी एका दुपारी चारच्या सुमाराला आभाळ हिरवट-काळं झालं आणि वारा सुटला. हे धावत वर गेले. सहा-सात मिनिटांत चारही ओळी शून्यावर आणल्या आणि छाती काढून खाली आले. “झोपवली सगळी,” म्हणाले. मी चहा ओतत होते. आणि मग गारा आल्या. लिंबाएवढ्या, काही त्याहूनही मोठ्या. आधी टाकीवर टण्‌टण्‌ वाजल्या, मग वरून काच फुटल्याचा आवाज यायला लागला, एकामागून एक. हे जिन्याकडे धावले, मी सदरा धरून मागे ओढलं. दहा मिनिटांत खेळ खलास. चोवीसपैकी पंधरा पॅनेलं फुटली होती.

डॉक्टरीणबाई वर येऊन बघून गेल्या. “गारांपुढे कोणाचं काय चालणार, काका,” म्हणाल्या. यांच्या पाठीवर हातसुद्धा ठेवला.

नवी पॅनेलं यायला तीन आठवडे लागले. त्यात एका दुपारी वीज गेली, उरलेल्या नऊ पॅनेलांवर वॉर्मर चालेना, जनरेटर नेमका रुसला, आणि वॉर्मरमध्ये दोन दिवसांचं बाळ होतं, मुठीएवढं. सिस्टरने गरम पाण्याच्या पिशव्या भरल्या, मी त्या कापडात गुंडाळून बाळाच्या दोन्ही बाजूंना धरल्या. गार झाली की दुसरी. चाळीस मिनिटं. बाळाची आई पलीकडच्या खाटेवरून एकच प्रश्न विचारत होती, “लाल आहे ना अजून? निळं नाही ना पडलं?” हे दारात उभे होते. आत येईनात आणि जाईनातही. वीज आली, बाळ वाचलं, चांगलं रडलंही. पण यांचा चेहरा उतरला तो उतरलाच.

संध्याकाळी हे मला बॅटरीच्या खोलीत घेऊन गेले आणि दारावरच्या त्या कागदावर बोट ठेवलं. “वाच.” मी वाचलं. वाऱ्यात शून्य, गारांत साठ.

“मी झोपवली,” म्हणाले. “गारांनी नाही फुटली, मी फोडली. उभी केली असती तर राहिली असती.”

“म्हणजे तुम्हाला माहीत होतं?”

“माहीत होतं गं. पण वारा कानात शिरला आणि हात आपसूक खाली गेले. मी बाईंना जाऊन सांगतो.”

इथे चूक झाली ती माझी. मला ते आठ महिने दिसायला लागले, तो पलंग, ती दोरी. मी म्हटलं, “उचलली जीभ आणि लावली टाळ्याला असं करू नका. बाई स्वतः म्हणाल्या ना, गारांपुढे कोणाचं चालत नाही? मग मूग गिळून गप्प बसा. काम गेलं तर घरी बसून काय करणार आहात, गाठी मारणार?” त्यांनी कागदावरचं बोट काढलं. मग म्हणाले, “बरं. पण पुन्हा एकदा माझ्या हाताने फुटली, तर किल्ली देऊन टाकीन. मग मला अडवायचं नाही.” मी हो म्हटलं. त्या दिवसापासून माझा जीव टांगणीला लागला. आभाळात कापसाएवढा ढग दिसला तरी मला धस्स व्हायचं.

बरं, गप्प बसले म्हणून हात बांधून बसले असं नाही. कंपनीच्या माणसाला त्यांनी फोन करून विचारलं, वारा आणि गारा एकदम आल्या तर? तो म्हणाला, “गारांचं ऐका. वाऱ्याने सांगाडा हलतो, तो बांधता येतो. काच बांधता येत नाही.” हे ऐकल्यावर आमचे खुंटी कामाला लागले. प्रत्येक ओळीच्या मागे छतात लोखंडी कड्या बसवून घेतल्या, आणि तंबूला देतात तसे दोरांचे ताण द्यायची सोय केली. पॅनेल उभं केलं की मागचे दोन दोर ओढून कडीला बांधायचे, की वादळ आलं तरी ओळ जागची हलणार नाही. कंपनीचा माणूस बघायला आला तेव्हा दोर हलवून बघत म्हणाला, “काका, हे आमच्या इंजिनियरला सुचलं नव्हतं.” चार दिवस यांचे पाय जमिनीला लागत नव्हते. मलाही सगळं शिकवलं. हँडल कसं धरायचं, गाठ कशी मारायची, पॅनेलवर पाय का द्यायचा नाही. वरून काच धड दिसली तरी आत तडा जातो आणि तो डोळ्याला दिसत नाही, हेही मी तेव्हाच शिकले.

पुढच्या वर्षी यांच्या उजव्या डोळ्याचा मोतीबिंदू काढला. डोळ्यावर पट्टी. दहा दिवस वाकायचं नाही, जड उचलायचं नाही, जिने चढायचे नाहीत. चौथ्या दिवशी, दुपारी जेवणं होतात न होतात, तोच आभाळ भरून आलं. तसंच हिरवट-काळं.

यांनी चपला शोधायला सुरुवात केली. मी म्हटलं, “बसा तिथे! डोळा घालवायचाय का?” किल्ली घेतली, डोक्यावर कपडे धुवायचं घमेलं पालथं घातलं आणि जिना चढले. मला हसा खुशाल. हेल्मेट घरात नव्हतं आणि गार काही माझा मान ठेवणार नव्हती.

पहिली ओळ साठवर नेली. तीसवरून साठ म्हणजे बावीस फेरे. दोर ओढले, बांधले. दुसरी ओळ नेली. तेवढ्यात वारा असा आला की छताचं दार धाडकन आपटलं आणि दुसऱ्या ओळीचे दोर ताणून गुणगुणायला लागले. मी तिसऱ्या हँडलला हात घातला आणि खालून आवाज आला. जिन्याच्या पायथ्याशी उभं राहून हे बेंबीच्या देठापासून ओरडत होते.

“झोपव! झोपव गं! शून्यावर घे! झोपव!”

तो आवाज मी पस्तीस वर्षं ऐकलाय. त्या आवाजावर मी दोऱ्या सोडल्यात, धावलेय, पडलेय, पोटात मूल असताना कापडाखालून सरपटत बाहेर आलेय, आणि त्या आवाजानेच मला दर वेळी वाचवलंय. माझे हात थांबले. खोटं कशाला सांगू, तीन फेरे मी उलटे फिरवलेसुद्धा. मग पहिली गार खांद्यावर बसली. इतकी जोरात की डोळ्यांपुढे तारे चमकले. आणि मला कळलं की खाली ओरडतंय ते डोकं नाही, ती सवय आहे. जित्याची खोड म्हणतात ती.

“गप्प बसा हो!” मी ओरडले. जन्मात पहिल्यांदा, तेही सगळ्या प्रसूतिगृहाला ऐकू जाईल असं. आणि हँडल वर फिरवलं.

तिसरी ओळ झाली. चौथी झाली नाही. ती अर्ध्यावर असताना घमेल्यावर असा काही मारा सुरू झाला की कान बधिर झाले. मी चौथी ओळ तशीच सोडून दारात जाऊन बसले, गुडघ्यांत डोकं घालून. माझ्या समोर उभ्या काचांवरून गारा खळखळ घसरत होत्या आणि खाली ढीग होत होता. सव्वीस मिनिटं चाललं ते सगळं. घड्याळ नव्हतं माझ्याकडे, सिस्टरने नंतर सांगितलं.

चोवीसपैकी एक फुटलं. एक! चौथ्या ओळीतलं, टोकाचं. माझे दोन्ही खांदे निळे-जांभळे झाले होते, घमेल्याला पोचे पडले होते, आणि मी मूर्खासारखी हसत होते. डोळ्याचा नियम मोडून हे भिंत धरत-धरत वर आले. पट्टी बांधलेलं ते तोंड घेऊन प्रत्येक काचेवरून बोटं फिरवत गेले, चारही ओळी. मला वाटलं, आता शाबासकी देतील. ते तसेच फुटलेल्या काचेपाशी थांबले.

मागून डॉक्टरीणबाई आल्या. “काका, कमाल केलीत! डोळ्याला पट्टी, आणि खालून आवाज देऊन सगळं करून घेतलंत! मला तपासणीच्या खोलीत ऐकू येत होतं तुमचं ओरडणं.”

वाऱ्यात त्यांना शब्द कळले नव्हते, नुसता आवाज कळला होता. मी यांच्याकडे बघून डोळे मोठे केले. म्हणजे गप्प बसा. आयतं कौतुक आलंय, घ्या पदरात.

“बाई,” हे म्हणाले, “मी उलटं सांगत होतो. झोपव म्हणत होतो. हिने ऐकलं नाही म्हणून राहिली. आणि गेल्या वर्षीची पंधरा मीच झोपवून फोडली. कागद दारावर होता तरी.”

बाईंचा चेहरा कसा झाला ते मला सांगता येणार नाही. त्यांनी विचारलं, “मग तेव्हा का नाही सांगितलंत?”

“मी नको म्हटलं,” मी म्हटलं. माझ्या तोंडून निघूनच गेलं. आता लपवून तरी काय करणार होते?

“त्या दुपारी ते बाळ…” एवढंच बोलून बाई थांबल्या. मग हात पुढे केला. “किल्ली द्या, काका.”

यांनी माझ्या हातातून किल्ली घेतली आणि त्यांच्या हातावर ठेवली. गेलं वर्षभर मी ज्याला भीत होते ते समोर उभं होतं, आणि तेही चोवीसपैकी तेवीस वाचवल्याच्या दिवशी!

दुसऱ्या दिवसापासून हे पलंगाच्या कडेला. दोरी मी आधीच लपवली होती, म्हणून सदऱ्याच्या बाहीचं टोक पिरगाळत बसले. मी बोलून बघितलं, रडून बघितलं, भांडून बघितलं. पालथ्या घड्यावर पाणी. फक्त एकदा म्हणाले, “अगं, मी वर असतो तर पुन्हा फोडली असती. सगळं माहीत असून. असा माणूस काय कामाचा?”

पाचव्या दिवशी माझं डोकं फिरलं आणि मी बाईंच्या खोलीत शिरले. म्हटलं, “बाई, खोटं बोलायला मी सांगितलं, ते बोलले खरं, आणि शिक्षा त्यांना?”

बाईंनी पेन खाली ठेवलं. “काकू, शिक्षा नाही ही. मी स्वतः एकदा एका बाळंतपणात जुन्या सवयीने चुकलेय. त्यानंतर मी तेच काम शंभर वेळा वरिष्ठांसमोर केलं, तेव्हा कुठे त्यांनी मला एकटीला करू दिलं. किल्ली माझ्याकडे आहे. पण ती काकांनी येऊन मागायची. तुम्ही नाही.”

आता खुंटीने उठून मागायला जायचं, म्हणजे झालंच की! महिना गेला. पट्टी निघाली, डोळा स्वच्छ झाला, तरी हे जागचे हलले नाहीत. छत मी बघायचे. सकाळी सिस्टरकडून किल्ली घ्यायची, काचा धुवायच्या, किल्ली परत द्यायची. एक दिवस माझा गुडघा दुखत होता म्हणून बादली पोचवायला हे मागून वर आले. ओळी पुन्हा तीसवर आणल्या होत्या, तरी वादळात मी बांधलेल्या दोरांच्या गाठी कड्यांना तशाच होत्या, कशाबशा मारलेल्या. हे त्या गाठींकडे बघत उभे राहिले.

“ही काय गाठ आहे?”

“गाठ आहे. टिकली ना?”

“टिकली म्हणजे तुझं नशीब. ही सुटायची नाही आणि घट्टही व्हायची नाही. वर्षभर शिकवलं ते हेच का?”

“मग तुम्ही बांधा.”

“किल्ली कुठाय माझ्याकडे?”

“मग मागा!” मी इतक्या जोरात म्हटलं की बादली हिंदकळली.

हे तरातरा खाली गेले. मी मागून गेले नाही, पण जिन्यावर कान लावून बसले, त्यात मला लाज नाही. हे म्हणाले, “बाई, किल्ली हवी होती. सकाळी काचा धुवायच्या वेळेपुरती. आणि हात सुधारायचाय.” बाईंनी दिली. अट एवढीच की रोज परत आणून द्यायची.

मग सुरू झाली आमची सकाळची शाळा. काचा धुऊन झाल्या की मी अचानक ओरडायचे, “वारा!” आणि यांनी ओळ साठवर न्यायची, कारण आता वाऱ्याला मागे दोर होते आणि गारा वाऱ्यामागूनच यायच्या. पहिल्या दिवशी हात उलटा गेला. दुसऱ्या दिवशी उलटा. दहाव्या दिवशीही उलटा. सिस्टर गच्चीच्या दारात उभी राहून हसायची आणि हे तिच्यावर डाफरायचे. बासष्टाव्या वर्षी हाताला नवं शिकवणं म्हणजे काय असतं, ते मी बघितलंय. संध्याकाळी मनगट सुजायचं. एकदा मला म्हणाले, “माझ्या या हातांनी माणसं वाचवली गं इतकी वर्षं. आता त्यांनाच गप्प बसवायचं.” मी तेल लावून दिलं. महिन्याभरात दहातले सहा बरोबर यायला लागले. मग आठ. पण ते सगळं निरभ्र आभाळाखाली, आणि ओरडणारी मी.

खरा वारा आला तो एका दुपारी, मी झबल्याला नाडी ओवत होते तेव्हा. अंगणातलं वाळत घातलेलं सगळं एकदम उडालं. आभाळाचा रंग बघून मी उभी राहिले. हे सिस्टरकडून किल्ली घेऊन आले होते. जिन्याशी थांबून म्हणाले, “तू येऊ नकोस. आणि ओरडू तर अजिबात नकोस. काहीही दिसलं तरी.”

मी अंगणात टाकीजवळ जाऊन उभी राहिले. तिथून कठड्यावर पहिल्या ओळीची वरची कड दिसते, वीतभर. वारा इतका की डोळे उघडे ठेवता येईनात. धुळीतून बघत होते. कड हलली.

कड खाली जात होती.

मी पदराचा बोळा तोंडात कोंबला. शपथेवर सांगते, कोंबला, नाहीतर ओरडलेच असते. बोटभर खाली गेली. अजून थोडी. माझ्या डोळ्यांपुढे तो पलंग उभा राहिला. ओरडावं का? ओरडले तर काचा वाचतील, पण मग पुन्हा हा माणूस किल्ली मागणार नाही. मी नाही ओरडले. त्या वेळी मला काचांचं काही पडलेलं नव्हतं, आणि बाळांचंही नाही, हे मी आज कबूल करते.

कड थांबली. किती वेळ थांबली कोण जाणे. आणि मग वर यायला लागली. वीतभर, दोन वीत, हातभर, आणि पुढे अर्धं पॅनेल कठड्यावर उभं राहिलेलं दिसलं. मग दुसरी ओळ, ती सरळ वर. तिसरी. चौथी. वारा छताला झोंबत होता आणि चारही ओळी ताठ उभ्या होत्या, मागे यांच्या हातचे दोर.

आणि गारा पडल्याच नाहीत. एकसुद्धा नाही. चार मोठे थेंब पडले, अर्धा तास वारा घोंगावला, आणि ऊन आलं. हे खाली उतरले ते केसांत धूळ, सदरा एका खांद्यावरून फाटलेला, आणि भयंकर चिडलेले.

“गाराच नाहीत! फुकट मेहनत,” म्हणाले. माझ्याकडे बघितलं. “तू काय रडतेस?”

मी नुसतं वर बोट दाखवलं.

“दोन फेरे उलटे गेले आधी,” ते म्हणाले.

“बघितलं मी.”

“मग ओरडली का नाहीस?”

“तुम्हीच नको म्हणालात ना!” मी रडत-रडत भांडले. “एकदा तरी ऐकलं तुमचं, तर तेही चुकलंच का?”

माझ्या तोंडाजवळचा पदराचा ओला बोळा त्यांनी हळूच ओढून काढला, नीट उलगडला आणि माझ्या हातात दिला. मग तसेच धुळीने भरलेले बाईंच्या खोलीकडे निघाले, मी मागोमाग. बाई एका पोटुशीला तपासत होत्या. हे पडद्याअलीकडे उभे राहिले आणि म्हणाले, “बाई, किल्ली परत द्यायला आलोय. पहिल्या ओळीला दोन फेरे उलटे गेले. मग सुधारले. बाकी तिन्ही सरळ. गारा आल्या नाहीत.”

पडद्याआडून बाईंनी तिला कुशीवर वळायला सांगितलं. मग बाई म्हणाल्या, “किल्ली राहू दे तुमच्याकडेच, काका. माझे हात आत्ता रिकामे नाहीत.”